कबड्डीत चेंडू कुठे असतो?

बी.पी.एड.ला, म्हणजे शारीरिक शिक्षणाच्या पदवीला, आम्ही शिकलो ते असं : आधी कौशल्य, मग खेळ. दोन रांगा समोरासमोर उभ्या करायच्या आणि छातीपास, म्हणजे छातीसमोरून दोन्ही हातांनी द्यायचा पास, घोटून घ्यायचा. माण तालुक्यातल्या शाळेत लागल्यावर पहिली सहा वर्षं मी हेच केलं. आठवीत ५२ मुलं, आठवड्याला ३५ मिनिटांच्या दोन तासिका आणि हँडबॉल तीन. रांगेतल्या शेवटच्या मुलाच्या हातात चेंडू जायच्या आत घंटा व्हायची. रोज एकच प्रश्न कानावर यायचा, "बाई, मॅच कवा?"

मला मात्र दुसरंच खुपायचं. रांगेत नेटका पास देणारी मुलगी सामन्यात चेंडू हातात आला की जागच्या जागी थिजायची. हात तयार झाले होते, पण बघायचं कुठे हे तिला कुणी शिकवलंच नव्हतं. तिची शिक्षिका मीच होते.

एका प्रशिक्षणात खेळांच्या गटांबद्दल ऐकलं. इंग्लंडमधल्या लफबरो विद्यापीठातल्या डेव्हिड बंकर आणि रॉड थॉर्प या दोघांनी १९८२ साली मांडलं की मुलांना आधी खेळच द्यावा, पण सोपा करून. खेळताना अडलं की 'आता काय करू?' हा प्रश्न त्यांना पडतो, आणि कौशल्याची गरज तिथून निर्माण होते. या पद्धतीत खेळांचे चार गट करतात : समोरच्याच्या हद्दीत घुसण्याचे, जाळीचे नाहीतर भिंतीचे, चेंडू फटकावून धावण्याचे आणि नेमाचे. फुटबॉल, हॉकी, हँडबॉल वरवर वेगळे दिसतात, पण मोकळी जागा शोधणं आणि समोरच्याला ती मिळू न देणं हे कोडं तिन्हींत तेच. एका खेळात ते उमगलं की गटातल्या दुसऱ्या खेळात उपयोगी पडतं.

जूनमध्ये पहिल्या गटापासून सुरुवात केली. मैदानावर फक्की मारून १३ चौकोन आखले, प्रत्येकात चौघं. तिघांनी चेंडू फिरवायचा, चौथ्याने हिसकावायचा. चेंडू हातात असताना पळायचं नाही. हँडबॉल तीनच, म्हणून जुन्या मोज्यांत चिंध्या कोंबून दहा चेंडू मुलांनीच शिवून आणले.

पहिल्या तासाला नुसता गोंधळ. सगळे चेंडूकडेच धावत होते. शिट्टी मारून थांबवलं आणि विचारलं, "चेंडू जिच्याकडे नाही, तिचं काम काय?" कुणीच बोलेना. कडेच्या चौकोनातली एक मुलगी, एरवी पोट दुखतंय म्हणून झाडाखाली बसणारी, हळूच म्हणाली, "बाई, ही त्याच्या मागं लपून हात वर करती. मला दिसतच न्हाई, मग टाकू कशी?" तिला म्हटलं, ये, दाखव. तिने मैत्रिणीला दंडाला धरून दोन पावलं बाजूला सरकवलं. "इथं दिस की!"

'दिस की' हा आमच्या वर्गाचा शब्दच झाला. पुढचे चार आठवडे तेरा चौकोनांतून तीच आरोळी यायची. मला कुणाला 'मोकळ्या जागेत जा' म्हणून ओरडावं लागलं नाही.

बाकीचे गट लवकर झाले. जाळी नव्हती, दोन बांबूंना दोरी बांधली आणि पलीकडच्याला पळवायला चेंडू कुठे टाकायचा एवढंच शोधलं. फटक्याच्या गटात क्रिकेटच्या आधी विटीदांडू घेतला, नेमाच्या गटात गोट्या. विटी कुठे मारली तर झेलता येणार नाही, हे माझ्यापेक्षा मुलांना जास्त कळत होतं.

अडलं ते दिवाळीनंतर. चार गटांच्या तक्त्यात कबड्डी आणि खो-खो लिहायचे कुठे? आमच्या भागात मुलं चालायला लागली की हुतूतू खेळतात, आणि नेमके तेच चार रकान्यांत बसेनात. मला ते मनापासून लागलं. शेवटी प्रश्न वर्गापुढे टाकला. एक मुलगा म्हणाला, "घुसायचा खेळ हाय, पण चेंडू कुठाय?" त्यावर तीच झाडाखालची मुलगी : "चढाई करणाराच चेंडू की! तो मधल्या रेषेला परत टेकला की झाला गोल."

मी सहा वर्षं पकडी शिकवत होते, असा विचार कधी शिवला नव्हता. त्या दिवसापासून आमचे बचावपटू चढाईवाल्याच्या पायांवर नजर ठेवण्याआधी त्याचा परतीचा रस्ता बघायला लागले.

खो-खोत तर ते आणखी लख्ख दिसलं. पाठलाग करणाऱ्याला मधली पट्टी ओलांडता येत नाही, उलटं फिरता येत नाही. पळणारी दोघींच्या मधून पलीकडे सटकली की त्या बाजूला तोंड करून बसलेल्या गडीला पाठीमागून खो द्यायचा. म्हणजे खो हा पासच. पूर्वी मी कडेला उभी राहून "लवकर खो दे!" म्हणत राहायचे. आता विचारायचे, "तिकडं तोंड कुणाचं आहे?" जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला, भारताच्या दोन्ही संघांनी अंतिम फेरीत नेपाळला हरवून तो जिंकला. महिला संघाची कर्णधार प्रियांका इंगळे महाराष्ट्राची, त्यामुळे मुलींना त्या सामन्यांचं फार अप्रूप. माझ्या मोबाइलवर ते बघताना मी मध्येच थांबवायचे आणि विचारायचे, आता खो कुणाला? बहुतेक वेळा उत्तर बरोबर यायचं.

एका बाबतीत मात्र मी पद्धत वाकवली. कबड्डीतही आधी खेळ, मग तंत्र असंच ठेवलं होतं, आणि दुसऱ्याच आठवड्यात घोट्याची पकड करताना एका मुलाचा अंगठा मुरगळला. हात कसा घालायचा, बोटं कुठे ठेवायची, हे मी त्याला सांगितलेलं नव्हतं. चूक माझी होती. तेव्हापासून पकड, उडी आणि खो-खोतला सूर हे मऊ मातीवर नीट शिकवल्याशिवाय मी खेळ सुरू करत नाही. जिथे शरीराला इजा होऊ शकते तिथे प्रश्न विचारत बसायला वेळ नसतो, असं माझं ठाम मत झालंय.

मूल्यमापनाची वहीही बदलली. २५ पैकी किती पास बरोबर, हा रकाना काढून 'चेंडू जवळ नसताना काय करते' असा घातला. भरायला वेळ लागतो. एका तासाला आठ-दहा मुलांकडेच नीट बघून होतं. त्यात परीक्षा जवळ आली की आमचीच तासिका गणिताला जाते. तरी वर्षअखेर ५२ नोंदी पुऱ्या झाल्या. झाडाखालच्या मुलीच्या नावापुढे मी लिहिलं, 'बाजूला सरकते, इतरांनाही सरकवते.'

वर्गाच्या तक्त्यावर आता पाचवा गट आहे. 'पाठलागाचे खेळ' असं मुलांनी स्वतःच्या अक्षरात लिहून त्यात खो-खो, लंगडी, आट्यापाट्या घातलेत. कबड्डी त्यांनी पहिल्याच गटात ठेवली. लगोरीवर मात्र एकमत होईना. निम्मे म्हणतात नेमाचा खेळ, निम्मे म्हणतात लगोऱ्या पडल्या की खरा खेळ पळण्याचाच. सध्या ती दोन्ही रकान्यांत आहे. जूनमध्ये नवी आठवी आली की पहिल्या तासाला मैदानात सात चपट्या दगडांची लगोरी रचून ठेवणार आहे.