सेमीकॉनच्या काठावरचे तंत्रज्ञान

३३ केव्हीची, म्हणजे ३३ हजार व्होल्टची, विजेची केबल अधल्यामधल्या जागी क्वचितच निकामी होते. कोणी जेसीबी घातला तर गोष्ट वेगळी. एरवी ती जाते जॉइंटमध्ये, नाहीतर टोकाला, म्हणजे टर्मिनेशनपाशी. याचे कारण केबलच्या रचनेतच आहे. एक्सएलपीई या प्लॅस्टिकच्या इन्सुलेशनवर सेमीकॉनचा, म्हणजे अर्धवाहक पदार्थाचा, काळा थर असतो आणि तो अर्थ केलेला असल्यामुळे विद्युतक्षेत्र आतल्या आत, सर्व बाजूंनी सारखे राहते. लग, म्हणजे वाहक तारेच्या टोकावरचा जोडणीचा धातूचा तुकडा, बसवण्यासाठी मात्र हा थर सोलावाच लागतो आणि तो जिथे संपतो त्या काठावर ताण एकवटतो. तिथे हवेची एखादी फट राहिली, तर मिलिमीटरला साधारण ३ केव्ही ही हवेची मर्यादा सहज ओलांडली जाते, पार्शल डिस्चार्ज, म्हणजे त्या फटीतल्या बारीक ठिणग्या, सुरू होतो आणि तो महिनोन्महिने इन्सुलेशन कोरत राहतो.

त्यामुळे बाजारात नवे काही आले की मी एकच पाहतो : या काठावरचे किती काम जॉइंटरच्या, म्हणजे केबल जोडणाऱ्या कारागिराच्या, हातावर सोडले आहे?

हीट श्रिंक किटमध्ये, म्हणजे काठावर चढवून तापवत आवळायच्या नळीत, ते बरेच सोडलेले असते. गॅसच्या टॉर्चची ज्योत फिरवत नळी आवळायची, ती एका बाजूला करपू द्यायची नाही आणि आत हवा कोंडू द्यायची नाही, हे सारे सवयीवर चालते. कोल्ड श्रिंकमध्ये सिलिकॉन किंवा ईपीडीएम रबराची नळी कारखान्यातच ताणून प्लॅस्टिकच्या वेटोळ्या गाभ्यावर चढवलेली असते. गाभ्याची पट्टी ओढत गेले की नळी आपोआप केबलला घट्ट बसते. ज्योत नसल्यामुळे रिफायनरीत किंवा बोगद्यात हॉट वर्क परमिटची, म्हणजे ज्योतीच्या कामाच्या परवान्याची, कटकट उरत नाही. त्याहून मोलाची गोष्ट अशी की, भार चढउतार होताना केबल फुगते आणि आकसते, तेव्हाही रबराचा दाब कायम राहतो. उणीव साठवणुकीची आहे. ताणलेले रबर वर्षानुवर्षे तसेच पडून राहिले तर त्याची आवळण्याची ताकद घटते, म्हणून खोक्यावरची मुदत पाहिल्याशिवाय किट उघडू नये.

लगमध्येही असाच बदल होतो आहे. क्रिम्पिंगला, म्हणजे लग तारेवर दाबून बसवायला, योग्य डाय (दाबायचा साचा) लागते आणि ती साइटवर नेमकी हरवलेली असते. शिअर बोल्टच्या लगमध्ये ठरावीक टॉर्कला बोल्टचे डोके तुटून पडते, त्यामुळे किती आवळायचे हा प्रश्नच राहत नाही. अर्थात, अॅल्युमिनियमवरचा ऑक्साइडचा थर ब्रशने घासून काढणे तिथेही चुकत नाही.

कोकणात आणखी एक गोष्ट आड येते, ती म्हणजे खारी हवा. २०२० च्या निसर्ग चक्रीवादळानंतर किनारपट्टीवर भूमिगत केबलचा आग्रह वाढला. पण भूमिगत केबलही कुठेतरी खांबावर चढतेच आणि तिथले टर्मिनेशन उघड्यावर असते. अतिप्रदूषित भागासाठी किलोव्होल्टला ३१ मि.मी. क्रीपेज, म्हणजे टर्मिनेशनच्या पृष्ठभागावरून मोजलेले अंतर, धरले, तर ३३ केव्ही केबलच्या ३६ केव्ही कमाल विद्युतदाबाला १,११६ मि.मी. पृष्ठमार्ग लागतो. अशा ठिकाणी सिलिकॉनचा उपयोग पटतो, कारण साचलेल्या मिठाच्या थरालाही ते आपला जलरोधी गुण देते आणि पाण्याची सलग धार धरू देत नाही. ६६ केव्ही आणि त्यावरच्या विद्युतदाबांना तेलभरल्या पोर्सेलीनऐवजी कंपोझिट किंवा पूर्ण कोरडी टर्मिनेशन्स येत आहेत. यांचा स्ट्रेस कोन, म्हणजे काठावरचा ताण पसरवणारा शंकू, साच्यातून घडून येतो आणि प्रत्येक नग कारखान्यातच डिस्चार्जसाठी तपासला जातो. माझ्या मते या क्षेत्रातली सर्वांत भक्कम प्रगती हीच.

स्विचगियरकडे, म्हणजे केबल जिथे जोडली जाते त्या स्विचच्या पॅनेलकडे, पाहिले, तर युरोपीय संघाने १ जानेवारी २०२६ पासून २४ केव्हीपर्यंतच्या नव्या स्विचगियरमध्ये एसएफ६ या इन्सुलेशनच्या वायूवर, काही अपवाद वगळता, बंदी घातली आहे. वायू बदलला तरी ६३० अँपिअरचे बुशिंग, म्हणजे पॅनेलमधून बाहेर आलेले जोडणीचे टोक, आणि त्यावर बसणारा, बाहेरून अर्थ केलेल्या आवरणाचा टी-कनेक्टर बहुतेक ठिकाणी तोच राहतो. त्या कनेक्टरच्या मागच्या प्लगमध्ये आता व्होल्टेज सेन्सर बसवून मिळतो आणि आरएमयू, म्हणजे वितरणातल्या रिंग मेन युनिटच्या, ऑटोमेशनला व्होल्टेज मोजण्यासाठी वेगळ्या पीटीची (पोटेन्शिअल ट्रान्सफॉर्मरची) गरज राहत नाही.

डिस्चार्जवर चालू लाइनमध्ये नजर ठेवायची, तर केबलच्या धातूच्या स्क्रीनला जमिनीशी जोडणाऱ्या अर्थच्या वेणीभोवती एचएफसीटीचा, म्हणजे उच्च वारंवारितेचा प्रवाह टिपणाऱ्या सेन्सरचा, क्लॅम्प लावतात. आपल्याकडच्या कित्येक पॅनेलमध्ये ही वेणी इतकी आखूड आणि आर्मरच्या, म्हणजे केबलच्या संरक्षक धातूच्या कवचाच्या, अर्थसह एकाच बोल्टखाली आवळलेली असते की, क्लॅम्प लावायला जागाच सापडत नाही. निविदेत महागड्या मॉनिटरिंगचे कलम घालण्याआधी स्क्रीनची वेणी वेगळी, इन्सुलेटेड आणि वीतभर मोकळी ठेवण्याचे कलम घालावे. त्याला खर्च जवळपास शून्य येतो.