नुसतंच छान दिसतं?

तुम्ही विचारलंत म्हणून. नाशिकच्या कॉलेज रोडला चहा घेताना, फिल्म सोसायटीच्या शोनंतर, नात्यातल्या लग्नात, प्रश्न एकच: ‘तुझ्या फिल्म दिसतात छान, पण घडत काहीच नाही. गोष्ट कधी सांगणार?’ वर टोला, ‘फाळक्यांच्या गावची ना तू!’

मग फाळक्यांचंच घ्या. पांडवलेणीच्या पायथ्याशी ज्यांचं स्मारक आहे, त्या माणसानं 1912 मध्ये भांडवलदारांना पटवायला काय दाखवलं? कुंडीतला वाटाणा उगवताना. रोज थोडं थोडं टिपून. पुढच्याच वर्षी त्यांनी राजा हरिश्चंद्राची गोष्ट पडद्यावर आणली, हे मी सोयीस्करपणे गाळते म्हणाल. गाळते.

पोट लग्नाच्या शूटिंगवर चालतं. तिथं फटाफट कापते, ड्रोनही उडवते. तेव्हा जमत नाही म्हणून शॉट लांबवते, हे डोक्यातून काढा.

आता तो द्राक्षाच्या घडाचा शॉट. 2014 ची गारपीट, निफाडकडची बाग, माल काढणीला आलेला. गारा थांबल्या आणि तिरपं ऊन पडलं. तडकलेल्या मण्यांतला रस ठिबकच्या नळीवर पडत होता, बांधाला गारांचा थर. मी ट्रायपॉड लावला आणि उजेड जाईपर्यंत एकच घड धरून बसले. सावली पडू नये म्हणून बागेचे मालक नाना स्वतःच बाजूला सरकले.

पुढे त्यांच्याच पडवीत लॅपटॉपवर फिल्म दाखवली. घरचे सगळे जमले होते. नानांनी शेवटपर्यंत पाहिली आणि म्हणाले, ‘ताई, घड लई भारी दिसतोय. पण किती एकर गेलं, ते कुठं कळतंय यात?’

पंचनाम्याला उपयोगी पडेल म्हणून त्यांनी मला बागेत येऊ दिलं होतं. त्यांनी ते सांगितलं नव्हतं, मीही विचारलं नव्हतं. पंचनाम्याला गट नंबर लागतो, क्षेत्र लागतं. माझ्याकडे एक घड.

मी काही तलाठी नाही, हे म्हणणं सोपं आहे आणि खरंही. सपाट झालेल्या बागा टीव्हीवर सगळ्यांनी पाहिल्या आणि चॅनल बदललं. एका घडापाशी थांबलं तरच काही आत जातं, असं मी तेव्हा मानायचे, आजही मानते. फक्त त्या पडवीत हे बोलायची छाती झाली नाही. ‘माझा कॅमेरा कविता लिहितो’ असं मुलाखतीत ऐटीत सांगणारी मीच. ते वाक्य आता मला ऐकवत नाही. पण शॉट? तो एका सेकंदानंही कापलेला नाही. का, ते नानांना सांगता आलं नाही, तर तुम्हाला काय सांगणार?

पुढच्या फिल्ममध्ये सगळं शेत दिसेल असा वाइड शॉट घेणार का, हेही विचाराल. घेईन. एडिटला बसल्यावर तो राहील, याची खात्री देत नाही.