थाळीफेकपटू भीम

आमच्या वेंगुर्ल्याकडच्या शाळेचे मैदान म्हणजे गावाबाहेरचा सडा. उघड्या कातळावर थाळी आपटली की तिची लोखंडी कड वाकत असे, म्हणून शारीरिक शिक्षणाचे सर ती पडेल त्या जागी भाताचा पेंढा पसरून ठेवीत. दूरदर्शनवर बी. आर. चोप्रांचे महाभारत सुरू असतानाच्या त्या दिवसांत एका सकाळी त्यांनी सांगितले की, दर रविवारी तुम्ही जो भीम पाहता, तो आशियाई स्पर्धांत सुवर्णपदक मिळवलेला थाळीफेकपटू आहे. त्या दिवसापासून प्रवीणकुमार सोबती माझ्यासाठी आधी खेळाडू झाले आणि नंतर नट.

त्यांचा जन्म १९४७ साली पंजाबातील अमृतसरजवळच्या सरहाली गावी झाला. १९६६ साली किंग्स्टन येथील राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी हातोडाफेकीत रौप्यपदक मिळवले आणि त्याच वर्षी बँकॉकच्या आशियाई स्पर्धेत थाळीफेकीत सुवर्ण व हातोडाफेकीत कांस्य. १९७० मध्ये बँकॉकलाच थाळीफेकीचे सुवर्ण त्यांनी राखले, तर १९७४ मध्ये तेहरानला रौप्य मिळवले. १९६८ च्या मेक्सिको आणि १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्येही ते उतरले होते. १९६७ चा अर्जुन पुरस्कार त्यांच्या नावावर आहे.

या दोन प्रकारांत निव्वळ दंडाचे बळ पुरत नाही, हे ज्याने थाळी हातात धरली आहे त्यालाच नीट कळते. पुरुषांची थाळी २ किलोंची, हातोडा ७.२६ किलोंचा, आणि हातोडा फेकायचा तो जेमतेम सात फूट व्यासाच्या वर्तुळात गरगर फिरून, पाय रेषेबाहेर पडू न देता. आमच्याकडे खाडीत पाग टाकणारा माणूस जशी कमरेतून फिरकी घेतो आणि जाळे योग्य क्षणी हातातून सोडतो, तसेच ते कसब आहे. म्हणूनच पडद्यावर त्यांनी गदा फिरवली की तिचे वजन आम्हाला खरे वाटे.

सीमा सुरक्षा दलात अधिकारी असलेल्या या माणसाला चित्रपटांनी मात्र बहुधा देहापुरतेच वापरले. १९८८ च्या ‘शहेनशाह’मधला मुख्तार सिंग लक्षात राहिला, पण अशा भूमिकांत नायकाकडून मार खाणे एवढेच काम उरे. भीमाने त्यांना क्रोध, मातृभक्ती आणि थोरल्या भावापुढची असहायता असे सारे काही दिले; द्यूतसभेत ज्येष्ठांचा शब्द मोडता येत नाही म्हणून थोपवून धरलेले ते प्रचंड शरीर मला त्यांच्या अभिनयातले सर्वांत मोलाचे वाटते. पुढे त्यांनी ‘चाचा चौधरी’ मालिकेत धिप्पाड साबूची भूमिका केली आणि २०१३ साली दिल्लीत विधानसभेची निवडणूकही लढवून पाहिली. पदकविजेत्यांचे निवृत्तिवेतन आपल्याला मिळाले नाही, अशी खंत त्यांनी उतारवयात जाहीरपणे मांडली होती. ती वाचून मला फार वाईट वाटले.

७ फेब्रुवारी २०२२ रोजी दिल्लीत त्यांचे निधन झाले. दशावतारात वर्षानुवर्षे भीम रंगवलेल्या माझ्या काकांना मी ती बातमी वाचून दाखवली. ते बराच वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, “तेंका पदकां किती गावली?” मी एकेक सांगत गेलो. थाळीफेकीच्या दोन सुवर्णांपाशी त्यांनी मला थांबवले आणि दोन्ही साले पुन्हा सांगायला लावली.