आधी मालिका, मग सिनेमा

पणजीतल्या आल्तिनोच्या कला महाविद्यालयातून बाहेर पडणारी मुले मला विचारतात, की कलादिग्दर्शनात, म्हणजे सेट उभारण्याच्या कामात, यायचे तर थेट सिनेमा धरावा की आधी मालिका करावी. मी मालिकेच्या बाजूने कौल देतो आणि त्यांचे चेहरे उतरतात. मालिकेला दुय्यम लेखण्याची ही सवय मला पटत नाही. कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांनी 'तमस' मालिकेच्या कला विभागात उमेदवारी केली, 'चाणक्य' मालिकेचे काम केले, आणि 1994 च्या '1942 : अ लव्ह स्टोरी' या सिनेमाने त्यांचे नाव झाले ते त्यानंतर.

2021 च्या एप्रिलमध्ये कोरोनामुळे महाराष्ट्रातील चित्रीकरण थांबले, तेव्हा अनेक मालिकांनी आपले बस्तान गोव्यात हलवले (पुढच्याच महिन्यात इथेही मनाई झाली, तो भाग वेगळा). प्रेक्षकांच्या रोजच्या ओळखीचे घर मुंबईत कुलूपबंद आणि इथे हाताशी भाड्याचा बंगला, अशा वेळी कलादिग्दर्शक सबंध घर उभारत बसत नाही. कॅमेऱ्यासमोर सर्वाधिक वेळ राहणारा कोपरा हेरतो आणि सोफ्यामागच्या भिंतीचा रंग, देव्हाऱ्याची बाजू, पडद्याचा काठ एवढेच चोख जुळवतो. कुठे खर्च करायचा आणि कुठे हात आखडायचा, ही नजर मालिकेच्या घाईतच तयार होते.

सिनेमात तीच नजर वास्तूचे वय ठरवायला लागते. 1985 च्या 'त्रिकाल' या सिनेमासाठी गोव्यातल्या लोटली गावचे खरेखुरे जुने घर मिळाले होते. असे भाग्य नेहमी लाभत नाही, आणि मग प्लाय व पीओपीवर चिऱ्याची, म्हणजे जांभ्या दगडाची, भिंत उभी करावी लागते. बाहेरून आलेले काही जण गोव्याचा पावसाळा दाखवायचा म्हणून ती भिंत वरपासून खालपर्यंत सरसकट हिरवी करतात. प्रत्यक्षात वळचणीचे पाणी अंगणात पडून हातभर उंच उडते, म्हणून चुन्याच्या भिंतीचा तळ तांबड्या शिंतोड्यांनी माखतो, शेवाळ धरते ते ऊन न पोचणाऱ्या अंगाला, आणि पागोळ्यांखालच्या पायरीला ओळीने खळगे पडतात.

हे सारे हुबेहूब उतरवणारा कारागीर मला बहुधा दिवाळीत नरकासुराचे पुतळे करणाऱ्या वाड्यावर, म्हणजे वस्तीवर, सापडतो. मजुरी ठरवताना मात्र निर्माते त्याला साधा रंगारी धरतात, आणि त्यावरून माझे त्यांच्याशी दर वेळी वाजते.