वासाची तक्रार आणि आवाज मोजायचं मशीन

मी रत्नागिरीत भाषांतराची कामं करते. खरेदीखतं, परदेशी निघालेल्या पोरांचे दाखले, मधूनच वकिलांकडचे कागद. बहुतेक काम ठरलेलं असतं, शब्दही ठरलेले. पण मे महिन्यात एक फाईल आली आणि तिच्याबद्दल लिहायचंच असं तेव्हाच ठरवलं, कारण एका इंग्रजी विशेषणापायी अख्ख्या वाडीचं म्हणणं बाजूला पडलं होतं, आणि गंमत नाही, खरंच सांगते, ते विशेषण वापरणाऱ्याने ते अगदी नेमकं वापरलं होतं.

वाडी खाडीच्या तोंडाशी. शेजारी फिशमीलचा कारखाना. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते, बोटींना चांगल्या मासळीबरोबर बारीकसारीक, कोणी विकत न घेणारी मासळी पण भरपूर मिळते, ती इथे येते, मोठ्या भांड्यात वाफेवर शिजते, दाबून तेल-पाणी काढतात, उरलेलं सुकवतात आणि दळून पूड करतात. कोंबड्यांना आणि कोळंबीला खाद्य म्हणून ती जाते. साधारण चार-पाच किलो मासळीतून एक किलो पूड निघते, म्हणजे बाकीचं सगळं पाणी, तेल आणि वाफ. ती वाफ नीट न धुता सोडली तर काय होतं ते वाडीतल्यांना विचारा.

तर वाडीतल्या एका निवृत्त सरांनी याची तक्रार लिहिली. सरांनी आयुष्यभर इंग्रजी शिकवलं, वय आता ऐंशीच्या पुढे. तक्रार इंग्रजीतच लिहिली कारण इंग्रजी कागद वरपर्यंत जातो असं त्यांच्या पिढीचं पक्कं मत. त्यात एक वाक्य होतं की कारखान्यातून संध्याकाळनंतर 'नॉइसम एफ्लुव्हिया' (noisome effluvia), म्हणजे सहन न होणाऱ्या दुर्गंधीच्या वाफा, बाहेर पडतात आणि लोकांना घरात बसवत नाही. आता हा अर्ज जिथे गेला तिथे कोणीतरी त्याचा मराठी गोषवारा केला, आणि त्या गोषवाऱ्यात लिहिलं होतं, 'कारखान्यातून होणारा गोंगाट व उत्सर्जन'. नॉइसम दिसलं, त्यात नॉइज दिसला, झालं.

पुढचं सगळं त्या एका शब्दावर चाललं. तपासणीला माणसं आली ती आवाज मोजायचं मशीन घेऊन. सकाळी अकराच्या सुमाराला, कारखाना जवळजवळ शांत असताना. रिपोर्टात आवाजाचे आकडे, शेजारी नियमातले आकडे. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे राहत्या वस्तीत दिवसा 55 डेसिबल आणि रात्री 45 ही मर्यादा आहे, दिवस म्हणजे सकाळी 6 ते रात्री 10. आवाज 55 च्या आत. तक्रार निकाली. वासाचा व पण नाही.

मला आधी वाटलं एवढी मोठी चूक कोणाच्याच लक्षात कशी आली नाही, मग कायदा बघितला तेव्हा कळलं. 1981 च्या हवा प्रदूषणाच्या कायद्यात 1987 ला दुरुस्ती झाली आणि हवेच्या प्रदूषकाच्या व्याख्येतच आवाजसुद्धा घातला गेला. म्हणजे वास काय आणि आवाज काय, दोन्हीचे कागद त्याच कायद्याखाली फिरतात, त्यामुळे या टेबलावरून त्या टेबलावर जाताना कोणाला काही खटकलंच नाही. आणि आवाजाला डेसिबल आहे, मशीन आहे, आकडा लिहिता येतो. वासाचं तसं एका आकड्यात बसत नाही. माणूस सोप्या बाजूला वळतो.

वाडीने हार मानली नाही हे महत्त्वाचं. वकीलबाईंनी प्रांतांकडे अर्ज केला, नागरिक सुरक्षा संहितेच्या 152 खाली, जुन्या लोकांना फौजदारी प्रक्रिया संहितेचं 133 म्हणून माहीत असलेलं तेच कलम, सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचं. सुनावणीच्या आदल्या दिवशी त्यांनी सगळे कागद माझ्याकडे पाठवले आणि सांगितलं, मूळ तक्रारीचं नव्याने भाषांतर करून द्या आणि उद्या स्वतः या, साहेबांना शब्द समजावून सांगावा लागेल.

मी भाषांतराला बसायच्या आधी संध्याकाळी वाडीत गेले. शब्दकोशात सगळं असतं पण तो शब्द ज्या वस्तूला लावलाय ती वस्तू समोर असली तर तिथे जाऊन यावं असं माझं पहिल्यापासूनचं मत आहे. उतारावरून खाली येताना काही नव्हतं, नेहमीची सुकत घातलेली मासळी, जाळी, तो वास आपल्याला परका नाही. मग वळणावर वारा फिरला आणि भपकारा आला. सुक्या मासळीचा नव्हे. शिजलेलं, कुजलेलं, खवट तेल आणि त्याच्यात अमोनियासारखं काहीतरी झोंबणारं, घशात चिकटून बसतं आणि तोंडाला पाणी सुटतं, ओकारीच्या आधी सुटतं ते. एका मावशींनी ओट्यावर बसायला सांगितलं आणि पाण्याऐवजी आधी लिंबाची फोड हातात दिली. म्हणाल्या, "ताई, मासळीचा वास आमाला काय नवीन नाय ओ, जन्म गेला त्याच्यात. ह्यो वास येगळा. हिंवस नाय ह्यो, ह्यो डोक्यात जातो. पोरां जेवत नाय रात्री."

लिंबू उगाच नव्हतं. समुद्राच्या मासळीत एक द्रव्य असतं, मासळी मेल्यावर जीवाणू त्याचं ट्रायमिथाइलअमाइन करतात, तोच तो मासळीचा वास, आणि नाकाला तो अगदी कणभर असला तरी कळतो. ते अल्कधर्मी असतं म्हणून आंबट लागलं की बांधलं जातं आणि हवेत उडत नाही. आपल्याकडे मासे धुताना कोकमाचं आगळ किंवा लिंबू लावतात ते याचसाठी. पण हा वास एका फोडीने जाणारा नव्हता.

सरांना भेटले. अंगणात खुर्ची टाकून बसले होते, नाकावर पंचा. मी विचारलं सर, हाच शब्द का? ते म्हणाले, "अगं, नुसतं बॅड स्मेल लिहिलं असतं तर कोणीही म्हणालं असतं की मासळीच्या गावात मासळीचा वास येणारच. मला सांगायचं होतं की हा वास माणसाला आजारी करतो." आणि बरोबरच होतं त्यांचं, कारण नॉइसम या शब्दाच्या पोटात दोन्ही अर्थ आहेत.

रात्री मी बसून सगळं काढलं. नॉइसमचा नॉइजशी काही संबंध नाही. शब्द फोडायचा तो नॉइ आणि सम असा. नॉइ म्हणजे अनॉय या शब्दाचंच जुनं तोकडं रूप, आणि अनॉय फ्रेंचमधून आला, त्याच्यामागे लॅटिनमधला तिरस्कार, ऑडियस शब्दसुद्धा त्याच घरातला. मागचं सम म्हणजे 'तसा गुण असलेला', ट्रबलसम, टायरसम, क्वारलसम यातलंच. म्हणून नॉइसम म्हणजे मुळात त्रास देणारं, अपाय करणारं. उच्चार पण वेगळा, नॉइजमध्ये शेवटी ज आहे, नॉइसममध्ये स्वच्छ स.

जुना अर्थ किती ठळक होता ते 1611 च्या इंग्रजी बायबलात दिसतं. तिथे महामारीला नॉइसम म्हटलंय आणि एका ठिकाणी रानटी जनावरांना पण नॉइसम म्हटलंय, आणि तिथे वासाचा विषयच नाही, ती जनावरं जीव घेणारी आहेत एवढंच. नंतर हळूहळू शब्द नाकाकडे सरकला. आता इंग्रजीत तो बहुतेक वेळा गटार, धूर, वाफा, कुजलेलं पाणी यांच्यासाठी येतो, सहन न होणारी दुर्गंधी. थोडा पुस्तकी, रोजच्या बोलण्यात कोणी वापरत नाही. एखाद्या किळसवाण्या गोष्टीला किंवा वागणुकीलाही लावतात पण कमी. नॉक्शसशी पण गल्लत करतात लोक, तो लॅटिनमधल्या इजा करण्याच्या धातूवरून आलेला वेगळाच शब्द, विषारी वायू असेल आणि वास नसेल तरी तो नॉक्शस, त्याला आज कोणी नॉइसम म्हणणार नाही.

आणि हे वाचताना एक गोष्ट सापडली जिने मला रात्रभर झोप आली नाही म्हटलं तरी चालेल. खुद्द नॉइज हा शब्द कुठून आला? बरेच कोशकार तो लॅटिन नॉशियापर्यंत नेतात, म्हणजे मळमळ, आणि नॉशिया मूळ ग्रीक, 'नाउस' म्हणजे जहाज, त्यावरून जहाजावर होणारी मळमळ. आपण कोकणात म्हणतो ना 'बोट लागली', अगदी तेच. आणि ते नाउस आणि आपली संस्कृत नौ, नौका, एकाच मुळातले. म्हणजे गोंगाटवाल्या शब्दाच्या मुळाशी ओकारी आहे आणि जो शब्द ओकारीसाठी वापरतात त्याच्या मुळाशी त्रास आहे, आणि दिसायला दोघे सख्खे भाऊ. असे शब्द भेटले की मला हे काम सोडून दुसरं काही करावंसं वाटत नाही.

दुसऱ्या दिवशी सुनावणी. कारखान्याच्या वकिलांनी जे म्हटलं ते अपेक्षितच होतं, की मूळ तक्रार आवाजाची होती, ती टिकली नाही म्हणून आता वासाची गोष्ट पुढे केली जातेय. प्रांतसाहेबांनी माझ्याकडे बघितलं. मी मूळ अर्ज हातात घेतला आणि आधी पुढचा शब्द दाखवला, एफ्लुव्हिया. म्हणजे बाहेर पडणाऱ्या उग्र वाफा. वाफेला आवाज असता तर सरांनी नॉइजी लिहिलं असतं, तो शब्द पाचवीच्या पोराला येतो. मग म्हटलं साहेब, हँडसम म्हणजे हातवाला नव्हे आणि विनसम म्हणजे जिंकणारा नव्हे, तसंच हे. तीन वेगवेगळ्या प्रमाण कोशांच्या नकला दिल्या, तिन्हीत दुर्गंधी आणि अपाय, एकातही आवाज नाही.

समोरचे वकील वाचत राहिले. मग त्यांनी विचारलं, शब्द इतका अवघड आहे तर खात्याने काय करायचं होतं? प्रश्न चुकीचा नव्हता. मी एवढंच म्हटलं की कोश उघडायचा होता, किंवा संध्याकाळी तिथे जायचं होतं, दोन्हीपैकी काहीही केलं असतं तरी कळलं असतं.

साहेबांनी विचारलं, मराठीत काय लिहू? हा भाग मला सगळ्यात जास्त लक्षात राहिला, कारण दहा मिनिटं आम्ही सगळे फक्त शब्द शोधत होतो. 'दुर्गंधीयुक्त' म्हटलं तर कचराकुंडीची आठवण येते, माणूस नाक दाबून पुढे जातो. 'घाणेरडा' हा डोळ्यांचा शब्द वाटतो. 'उपद्रवी' मध्ये जुना अर्थ येतो पण वास जातो. 'उग्र दर्प' छान, पण उग्र दर्प अत्तराला पण असतो. मागे बसलेल्या मावशी उठल्या आणि म्हणाल्या, "सायब, लिवा की ओकारी येती असा वास." साहेबांनी तसंच घातलं, 'मळमळ आणणारी, आरोग्यास त्रासदायक दुर्गंधी'. सरांच्या शब्दातले दोन्ही अर्थ त्यात आले. मी कोश घेऊन बसले होते पण शब्द दिला तो त्यांनी, हे मी माझ्या भाषांतराच्या तळटीपेत लिहून ठेवलंय.

मला सरांबद्दल जे वाटतं ते पण इथे सांगते. काहीजण म्हणाले म्हाताऱ्याने कशाला एवढं जड इंग्रजी लिहायचं. मला पटत नाही. माणसाने आयुष्यभर जी भाषा शिकवली त्यातला नेमका शब्द त्याने आपल्या वाडीसाठी वापरला, त्यात चूक काही नाही. पण 1964 च्या कायद्याने राज्याचा कारभार मराठीत आहे, मराठी अर्ज घ्यावाच लागतो, आणि वाचणारा अनोळखी असेल तर मराठी आधी आणि इंग्रजी प्रत मागे जोडलेली बरी. इंग्रजीतच लिहायचं तर फाउल स्मेलिंग लिहा, कोणाला नॉइज दिसणार नाही. हे मी सरांना पण सांगितलं, त्यांनी मान डोलावली आणि नवीन अर्जाचा मराठी मसुदा स्वतःच्या हाताने लिहिला.

शेवटी नव्याने तपासणीचा हुकूम झाला. तारीख ठरताना कोणीतरी म्हणालं जूनच्या पहिल्या आठवड्यात ठेवू. मावशी पुन्हा उभ्या राहिल्या. 1 जूनपासून 31 जुलैपर्यंत मासेमारी बंद, बोटी वर ओढलेल्या, कारखान्याला मासळी कुठली? तेव्हा आलात तर समुद्राचा वारा तेवढा मिळेल. साहेबांनी लगेच कॅलेंडर ओढून मे महिन्यातलीच तारीख घेतली, आणि वेळेच्या रकान्यात लिहिलं, बोटी लागल्यानंतर, रात्री 8 नंतर.