समोर नसलेल्याचा देव

"मॅडम, एरोस म्हणजे आपला मदनच ना?" कॉलेजात प्राचीन ग्रीसचा पेपर शिकवायला लागल्यापासून दरवर्षी कुणीतरी हे विचारतंच. त्याच्या पाठोपाठ दुसरा प्रश्न येतो. प्रेमाची देवी ॲफ्रोडायटी होती की, मग बाकीचे एवढे देव कशाला? तास संपतो आणि उत्तर अर्धं राहतं. आता तुम्हीही विचारलंत, म्हणून नीट सांगते.

धनुष्यबाण दोघांकडे आहेत, हे खरं. पण मला त्याहून जुनं साम्य महत्त्वाचं वाटतं. इ.स.पू. ७००च्या सुमारास हेसिओड या ग्रीक कवीनं देवांच्या जन्माची कथा रचली. तिच्यात आधी केऑस, म्हणजे पोकळी. मग पृथ्वी, पाताळ आणि लगेच एरोस. ॲफ्रोडायटी तेव्हा जन्मायचीच आहे. या एरोसला आईबाप नाहीत. हातापायांतलं त्राण काढून घेणारा, देवांची आणि माणसांची बुद्धी हरवणारा, असं हेसिओड त्याचं वर्णन करतो. आता ऋग्वेदातलं नासदीय सूक्त आठवा. 'कामस्तदग्रे समवर्तताधि', सर्वांत आधी उपजला तो काम. दोन्हीकडे इच्छा सृष्टीच्या पायाशी आहे. पंख लावलेलं गुबगुबीत बाळ पुष्कळ नंतरचं.

थेस्पिई नावाच्या गावाचं वर्णन वाचताना तर मी थबकलेच होते. या गावात सगळ्या देवांत एरोसला मान जास्त, आणि त्याची सर्वांत जुनी मूर्ती म्हणजे एक न घडवलेला दगड. नाक नाही, डोळे नाहीत. आपण ज्याला तांदळा म्हणतो, तोच. इ.स.च्या दुसऱ्या शतकात गावोगाव हिंडून देवळांची माहिती टिपणाऱ्या पॉसेनियसनं हे लिहून ठेवलंय. पुढे त्याच गावाला प्रॅक्सिटेलीसनं घडवलेली एरोसची सुंदर मूर्ती मिळाली. ती रोमन सम्राट कॅलिग्युलानं रोमला नेली, त्याच्यानंतरच्या सम्राटांपैकी क्लॉडियसनं परत पाठवली, नीरोनं पुन्हा नेली आणि शेवटी ती आगीत गेली. दगडाला कुणी हात लावला नाही.

आता दुसरा प्रश्न. समुद्राच्या फेसातून ॲफ्रोडायटी वर आली तेव्हा एरोस तिच्या सोबत निघाला आणि मागोमाग हिमेरोस हा आणखी एक देव, असं हेसिओडच सांगतो. मेगारा शहरात तिच्या देवळात तीन मूर्ती होत्या. एरोस, हिमेरोस आणि पोथोस. तिन्ही स्कोपास या शिल्पकाराच्या. पॉसेनियस त्यांची नोंद करतो आणि हळूच एक शंका जोडतो, की नावं वेगळी आहेत तशी यांची कामंही खरोखर वेगळी असतील तर.

त्याची शंका वाचली तेव्हा मला मनापासून सांगावंसं वाटलं, वेगळी आहेत हो. माझा नवरा मालवाहू जहाजावर सेकंड इंजिनीअर आहे. सहा महिने बोटीवर, तीन-चार महिने घरी. लग्नाला सोळा वर्षं झाली. प्लेटोच्या एका संवादात सॉक्रेटीस या दोन शब्दांची फोड करतो. हवंसं माणूस जवळ असताना जे वाटतं ते हिमेरोस, आणि ते माणूस निघून गेलं की त्याच भावनेचं नाव पोथोस. हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही. इतकी वर्षं मी ज्याला नुसतं 'करमत नाही' म्हणत होते, त्याला कुणीतरी देव मानून अंगठ्यापासून केसांपर्यंत घडवलं होतं.

मागच्या वर्षी नवऱ्याचा रिलीव्हर, म्हणजे त्याच्या जागी येणारा माणूस, वेळेवर चढला नाही आणि त्याचं साइन-ऑफ, म्हणजे बोटीवरून सुटणं, तीन आठवडे लांबलं. तो येणार म्हणून मी सुरमई आणून, तुकड्या करून, हळद-मीठ लावून फ्रीझरमध्ये ठेवली होती. बर्फ काढायला दार उघडलं की तो डबा दिसायचा. शेवटी एका रविवारी मुलीनं आणि मी ती तळून खाल्ली. जेवताना दोघीही बोललो नाही. तो पोथोस. आणि तो आल्यावर मोरीत बॉयलर सूट भिजत घालतो, बादलीतलं पाणी काळं होतं, मग ओट्याला टेकून तो चहा पितो आणि कप ठेवल्यावरही मी त्याच्याकडेच बघत राहते, तो हिमेरोस. आपल्याकडे विरहाची गाणी उदंड आहेत. ग्रीकांनी त्या हुरहुरीला हातपाय देऊन देवीशेजारी उभं केलं, याचं मला फार अप्रूप वाटतं.

अँटेरोस राहिला. प्रेमाला उलटून मिळणाऱ्या प्रेमाचा देव, आणि ते नाकारणाऱ्याला शासन करणाराही. अथेन्समध्ये त्याची वेदी होती, ती तिथे राहणाऱ्या परक्या लोकांची. टिमागोरस हा त्यांच्यातला एक. मेलीस या अथेनियन तरुणावर त्याचा जीव जडला. मेलीसनं त्याला झिडकारलं आणि कड्याच्या टोकावर जाऊन उडी मार म्हणून सांगितलं. टिमागोरसनं मारली. त्याचं प्रेत पाहिल्यावर मेलीसला इतका पश्चात्ताप झाला की त्यानंही त्याच कड्यावरून स्वतःला झोकून दिलं. नागरिकत्व नसलेल्या माणसांनी आपल्या एका माणसाच्या अपमानासाठी देव पूजावा, यातलं दुःख मला प्रेमकथेपेक्षाही मोठं वाटतं.

एलिस गावच्या व्यायामशाळेतला अँटेरोस मात्र वेगळा. तिथल्या शिल्पात एरोसच्या हातात खजुराची फांदी आहे आणि अँटेरोस ती ओढून घ्यायला बघतोय. जास्त प्रेम कुणाचं, याची दोन भावांतली ओढाताण.

परवा बंदरात रेंज मिळाल्यावर नवऱ्याचा पहिला मेसेज आला, "सुरमई आणलीस का?" मी कळवलं, रिलीव्हरचं तिकीट निघालं की आणते. लगेच उत्तर आलं, "निघालंय."