आधी जागा सांग

शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेत माजी विद्यार्थ्यांनी आपापल्या कामाबद्दल लिहावं, असं संपादक मंडळाने कळवलं. गॅदरिंग, सहली, स्पर्धा यांच्याबद्दल इतर जण लिहितीलच. मला लिहायचं आहे ते शाळेने लावलेल्या एका सवयीबद्दल. मी पॅथॉलॉजिस्ट आहे. शस्त्रक्रियेत काढलेल्या गाठी, तुकडे, अवयव माझ्याकडे तपासायला येतात, आणि तपासताना मी आजही आमच्या विज्ञानाच्या बाईंच्याच क्रमाने जाते.

बाईंचा सगळा भर आकृतीवर असे. पेन्सिलीला टोक हवं, नावांच्या रेघा पट्टीने मारलेल्या हव्यात आणि त्या एकमेकींना छेदता कामा नयेत. एखाद्याने यकृताची कार्यं घडाघडा म्हणायला सुरुवात केली, की त्या हात वर करायच्या. "काय करतं ते नंतर. आधी जागा सांग. कुठे असतं? शेजारी कोण? आत काय येतं, बाहेर काय जातं?" उत्तर आलं नाही, तर स्वतःच्या अंगावर हात ठेवून जागा दाखवायची. मग आम्ही सगळे उजव्या बरगड्यांखाली हात धरून उभे.

पांढऱ्या पेशी म्हणजे शरीराचे सैनिक, असं तेव्हा सगळेच शिकायचे. बाईंचं तेवढ्यावर समाधान होत नसे. "सैनिक आहेत ना? मग त्यांची छावणी कुठे आहे?" हा प्रश्न त्यांनी वर्गात टाकला आणि काही दिवस तसाच लोंबकळत ठेवला. नंतर आमच्यातलाच एक मुलगा लंगडत शाळेत आला. टाचेत बाभळीचा काटा मोडला होता, पण तो हात धरून होता जांघेवर. "अवधाण आलंय, बाई," तो म्हणाला. बाईंनी त्याला पहिल्या बाकावर बसवलं, फळ्यावर माणसाची बाह्याकृती काढली आणि विचारलं, "काटा टाचेत, मग गाठ जांघेत का?"

कुणालाच सांगता आलं नाही. त्यांनी गुलाबी खडूने गुडघ्याच्या मागे, जांघेत, काखेत, मानेच्या दोन्ही बाजूंना ठिपके दिले आणि ते रेघांनी जोडले. केशवाहिन्यांमधून पाझरलेला द्रव ऊतींमध्ये साचून राहत नाही, तो बारीक नळ्यांमधून परत गोळा होतो, त्याला लसिका म्हणतात. हृदयासारखा पंप नसतानाही स्नायूंच्या हालचालीने आणि नळ्यांच्या स्वतःच्या आकुंचनाने तो वर सरकतो, वाटेत या गाठींमधून गाळला जातो आणि शेवटी गळ्याच्या तळाशी शिरांमध्ये मिसळतो. टाचेतल्या जखमेतले जंतू त्याच वाटेने निघतात आणि पहिल्यांदा अडवले जातात ते गुडघ्यामागे किंवा जांघेत. अशा गाठी माणसाच्या शरीरात सहाशेच्या आसपास असतात. छावण्या सापडल्या होत्या.

त्याच वर्षी इतिहासाच्या सरांनी १८९६ साली मुंबईच्या मांडवी भागात सुरू झालेली आणि पुढच्या वर्षी पुण्यात हाहाकार माजवणारी प्लेगची साथ शिकवली. लोक तिला गाठीचा ताप म्हणत. सावित्रीबाई फुले प्लेगच्या रुग्णांची सेवा करता करता स्वतः आजारी पडल्या आणि १० मार्च १८९७ रोजी गेल्या, हे सांगताना सरांचा आवाज जड झाला होता. मधल्या सुट्टीत आम्ही दोघी-तिघी बाईंकडे गेलो: ती गाठ आणि अवधाणाची गाठ एकच का? बाई म्हणाल्या, गाठ तीच, आतला जंतू वेगळा. उंदरावरची पिसू बहुधा पायाला चावते, म्हणून प्लेगची गाठ जांघेत जास्त दिसते. चावा हाताला असेल तर काखेत. एकाच दिवशी इतिहास आणि शरीरशास्त्र असं एका जागी येऊन भेटलेलं मला त्याआधी आठवत नाही.

पुढे मेडिकलला गेल्यावर पॅथॉलॉजीच्या संग्रहालयात काचेच्या दोन बरण्या शेजारी शेजारी होत्या. दोन्हींत लहान आतड्याचा शेवटचा भाग, दोन्हींत व्रण. एकीत व्रण आतड्याच्या लांबीच्या दिशेने, लंबगोल; दुसरीत आडवे, आतड्याला कमरपट्टा बांधावा तसे. पहिला मुदतीच्या तापाचा, म्हणजे टायफॉइडचा. दुसरा क्षयाचा. तोंडी परीक्षेत हा प्रश्न हमखास असायचा आणि बहुतेक जण उत्तर पाठ करून यायचे. मला ते पाठ करावं लागलं नाही, कारण "आधी जागा सांग" डोक्यात पक्कं बसलं होतं. आतड्याच्या भिंतीत प्रतिकारपेशींचे लंबगोल पट्टे असतात. योहान कॉनराड पेयर यांनी १६७७ मध्ये त्यांचं वर्णन केलं, म्हणून ते पेयरचे पॅच. त्यांच्यावरच्या अस्तरात खास पेशी असतात. अन्नमार्गातले कण उचलून खालच्या पेशींपर्यंत पोचवणं हे त्यांचं काम. टायफॉइडचा जंतू नेमका त्याच दाराने आत शिरतो आणि पट्ट्यातच ठाण मांडतो, म्हणून व्रणाला पट्ट्याचा आकार येतो. क्षयाचा जंतू आतड्याभोवती आडव्या जाणाऱ्या लसिकावाहिन्यांच्या वाटेने पसरतो, म्हणून त्याचा व्रण आडवा. आजाराचा आकार हा त्या जागेच्या रचनेचा आकार असतो.

रोगप्रतिकारशक्तीबद्दल हल्ली फार बोललं जातं. काढे, गोळ्या, "इम्युनिटी वाढवा". ऐकताना असं वाटतं, की ती रक्तात विरघळलेली एखादी वस्तू आहे, कमी-जास्त करता येणारी. मला मनापासून वाटतं, की शाळेतल्या मुलांना एकदा तरी लसिकाग्रंथी, म्हणजे बाईंनी दाखवलेली ती गाठ, आतून दाखवावी. म्हणजे कळेल, की ही शक्ती आधी मांडणीत आहे.

निरोगी गाठ फारशी मोठी नसते, बहुतेक एका सेंटिमीटरच्या आतबाहेर. बाहेरून पातळ आवरण. बाहेरच्या कडेने अनेक वाहिन्या लसिका घेऊन आत येतात, आतल्या खोलगट बाजूने मोजक्या बाहेर पडतात. आवरणाच्या आत लगेच एक पोकळ पट्टा, तिथे भक्षकपेशी वाहत्या द्रवातले जंतू टिपायला बसलेल्या. त्याच्या आत गोलाकार पुंजके, ती बी पेशींची जागा. पुंजक्यांच्या मधे आणि खोलवर टी पेशींचा प्रदेश. बी आणि टी हे पांढऱ्या पेशींचेच दोन प्रकार. अगदी मध्याकडे दोऱ्यांसारखे पट्टे, त्यांत प्रतिपिंडं, म्हणजे जंतूंना चिकटणारी प्रथिनं, तयार करणाऱ्या प्लाझ्मा पेशी. साध्या रंगात न दिसणारं बारीक तंतूंचं जाळं चांदीच्या क्षारांनी रंगवलं, की काळ्या रेषांत उमटतं. सगळ्या पेशी त्या जाळ्याच्या आधाराने सरकतात. ज्या पेशी ते जाळं विणतात, त्याच रासायनिक खुणाही सोडतात: टी पेशी एका खुणेमागे जातात, बी पेशी दुसऱ्या. कुणी हाताने नेऊन बसवत नाही, तरी जो तो आपल्या जागी पोचतो.

याची गरज का, हे आकड्याने कळतं. एखादा विशिष्ट जंतू ओळखणारी टी पेशी लाखात एखादी असते, कधी त्याहूनही विरळ. तिची आणि त्या जंतूच्या तुकड्याची गाठ टाचेतल्या जखमेतच पडावी, अशी वाट पाहत बसलं तर माणूस वाचायचा नाही. म्हणून त्वचेतल्या शाखा फुटलेल्या पेशी जंतूचे तुकडे घेऊन लसिकेतून जवळच्या गाठीत जातात, आणि टी पेशी रक्तातून त्याच गाठीत उतरतात. उतरण्यासाठी तिथल्या बारीक शिरांचं अस्तरसुद्धा वेगळं, उंच पेशींचं असतं. काही तास, फार तर दिवसभर शोध घ्यायचा, भेट झाली नाही तर पुढच्या गाठीकडे निघायचं. पेशी अशा रक्तातून गाठीत आणि गाठीतून पुन्हा रक्तात फिरत राहतात, हे जेम्स गोवन्स यांनी ऑक्सफर्डमध्ये उंदरांवर दाखवलं, १९५० च्या दशकाच्या अखेरीपासून पुढच्या काही वर्षांत. त्वचेतल्या त्या शाखाधारी पेशी मात्र पॉल लँगरहान्स या विद्यार्थ्याने १८६८ मध्येच बर्लिनमध्ये पाहिल्या होत्या. त्या मज्जातंतूंच्या असाव्यात असं त्याला वाटलं. त्यांचं खरं काम कळायला शंभराहून अधिक वर्षं गेली. एकविशीतल्या मुलाने नीट पाहून नीट आकृती काढून ठेवली होती, म्हणून पुढच्यांना काही हाती लागलं. हे वाचलं तेव्हा मला आमच्या बाईंची फार आठवण झाली.

टी आणि बी पेशी वेगळ्या आहेत हेही जागेवरूनच कळलं. छातीच्या हाडामागे थायमस नावाचा अवयव आहे. लहानपणी तो भरलेला असतो, वयात आल्यावर आक्रसतो आणि त्यात चरबी भरते. बराच काळ त्याला कुणी महत्त्व देत नव्हतं. १९६१ मध्ये जॅक मिलर यांनी लंडनमध्ये नुकत्याच जन्मलेल्या उंदरांचा थायमस काढला. ती पिल्लं पुढे संसर्गाला बळी पडू लागली आणि परकी त्वचासुद्धा त्यांचं शरीर झिडकारीना. टी पेशी तिथे तयार होतात आणि तिथेच पारखल्या जातात. पारख इतकी कडक, की शंभरातल्या पाचही पेशी बाहेर पडत नाहीत.

बी पेशींची गोष्ट तर थेट वर्गातली आहे. अमेरिकेत ओहायो स्टेट विद्यापीठात ब्रूस ग्लिक हा संशोधक कोंबड्यांमधल्या बर्सा नावाच्या पिशवीवर काम करत होता. त्याच्या सहकाऱ्याला विद्यार्थ्यांना प्रतिपिंडं कशी तयार होतात ते दाखवायचं होतं, त्याने ग्लिककडच्या कोंबड्या मागून घेतल्या आणि टोचलं. प्रात्यक्षिक फसलं. प्रतिपिंडं झालीच नाहीत, कारण त्या कोंबड्यांचा बर्सा काढलेला होता. दोघांनी त्याचा माग काढला आणि १९५६ मध्ये कुक्कुटपालनाच्या नियतकालिकात निबंध छापला. माणसात बर्सा नसतो, आपल्या बी पेशी अस्थिमज्जेत तयार होतात. पण या पेशींच्या शोधाची सुरुवात वर्गातल्या प्रात्यक्षिकाने झाली, हे शाळेच्या स्मरणिकेत नोंदवलंच पाहिजे.

आता माझ्या टेबलाकडे येते. मानेतली गाठ फॉर्मॅलिनमध्ये येते. मी ती मधोमध कापते आणि आधी नुसत्या डोळ्यांनी पाहते. मधे पिवळसर, भुसभुशीत भाग दिसला तर क्षयाची शंका येते. आपल्याकडे त्याला गंडमाळ म्हणतात आणि ती अजूनही खूप दिसते. तिथे शरीराने नवीच रचना उभी केलेली असते: मधे मृत भाग, भोवती लांबट झालेल्या भक्षकपेशी, त्यांतल्या काही एकत्र येऊन झालेल्या मोठ्या पेशी ज्यांची केंद्रकं नालासारखी कडेने लागलेली, आणि बाहेर टी पेशींचं कडं. जंतू मारता आला नाही तर निदान कोंडून ठेवायचा, अशी ती तजवीज.

पुढे तीन-चार मायक्रॉनचा काप, जांभळा-गुलाबी रंग, आणि सगळ्यात कमी ताकदीचं भिंग. नवीन निवासी डॉक्टर थेट मोठ्या भिंगावर जातात, एकेक पेशी पाहू लागतात. मी त्यांना थांबवते. संसर्गाने सुजलेल्या गाठीत बी पेशींच्या पुंजक्यांमध्ये फिकट केंद्रं उमललेली असतात. लहान-मोठी, एकसारखी कधीच नाहीत. प्रत्येकाभोवती लहान गडद पेशींची किनार, आत गर्द आणि फिकट असे दोन भाग, आणि मधे मधे मेलेल्या पेशींचे कण गिळलेल्या भक्षकपेशी. इथे बी पेशी विभागतात, बदलतात, नेम चुकणाऱ्या मरतात, अचूक बसणाऱ्या पुढे जातात. तो गिळलेला कचरा चांगल्या कामाची खूण आहे. लिम्फोमाच्या, म्हणजे याच पेशींच्या कर्करोगाच्या, एका प्रकारात हेच पुंजके असतात, पण एकाच मापाचे, एकमेकांना खेटून, किनार पुसट, आतला कचरा नाहीसा. एकेकटी पेशी पाहिली तर सहज फसायला होतं. मांडणी पाहिली की शंका जागी होते, आणि विशिष्ट रंगद्रव्यांच्या चाचण्यांनी मग ती पक्की करता येते. आमच्या अहवालाची पहिली ओळ हीच असते: मूळ रचना शाबूत आहे की पुसली गेली आहे.

म्हणूनच नातेवाईक विचारतात, "डॉक्टर, सुई टाकून भागणार नाही का? अख्खी गाठ कशाला काढायची?", तेव्हा मी कागदावर आकृती काढून दाखवते. सुईत पेशी येतात, क्षयासाठी तेवढं पुष्कळदा पुरतं. पण लिम्फोमाची शंका असेल तर पेशी कुठे होत्या, कुणाशेजारी होत्या, हे सुईत हरवतं. गाठ शक्यतो अखंड लागते. मानेत, काखेत न दुखणारी गाठ आठवडे उलटूनही उतरत नसेल, तर शेक-लेप करत बसू नये, डॉक्टरांना दाखवावी, हेही इथे सांगून ठेवते, कारण अशा गाठी माझ्याकडे फार उशिरा येतात.

या वर्षी शाळेच्या प्रयोगशाळेसाठी मी काचपट्ट्यांचा एक संच तयार केला आहे. बोकडाची लसिकाग्रंथी, प्लीहा म्हणजे गावाकडची पानथरी, कोकराचा थायमस आणि कोवळ्या कोंबडीचा बर्सा. सगळं खाटीक आणि चिकनवाल्याकडून आणलेलं, आमच्या प्रयोगशाळेत रंगवलेलं. प्रत्येक काचपट्टीसोबत नावं न घातलेली आकृती आहे, नावं मुलांनी घालायची. शाळेच्या सूक्ष्मदर्शकाचं दहाचं भिंग त्याला पुरेल. बर्साची काचपट्टी पहिली लावावी, कारण त्याच्या घड्यांमध्ये गच्च बसलेले कप्पे आठवीच्या मुलांनाही लगेच ओळखू येतात. पानथरी शेवटी, तिच्यात तांबडा आणि पांढरा भाग वेगळा काढायला थोडी नजर बसावी लागते. संच विज्ञान विभागाकडे दिला आहे. एखादी काच फुटली तर कळवावं, मी दुसरी करून पाठवीन.